सोनं बनवायला कोंडलेल्या पोराने युरोपला 'चिनी माती'चं गुपित शोधून दिलं

१७१७ सालची गोष्ट. जर्मन प्रदेशातल्या सॅक्सनी राज्याचा सत्ताधीश आणि पोलंडचा राजा ऑगस्ट याने शेजारच्या प्रशियाच्या राजाशी एक सौदा केला. ऑगस्टने ६०० घोडदळाचे सैनिक द्यायचे आणि बदल्यात प्रशियाच्या राजाने १५१ चिनी भांडी द्यायची.

हो, भांडी. निळ्या नक्षीचे मोठाले रांजण, फुलदाण्या, ताटं. सैनिक गेले, तेही घोड्यांशिवाय आणि शस्त्रांशिवाय. त्यातले काही उंच रांजण आजही ड्रेस्डेन शहरात जपून ठेवलेत. घोडदळातल्या शिपायाला तिकडे 'ड्रॅगून' म्हणायचे, म्हणून त्या भांड्यांचं नावच 'ड्रॅगून फुलदाण्या' पडलं.

आता तुम्ही म्हणाल, राजे लोकांचे शौक, त्यात नवल काय? नवल असं की हा सौदा झाला तेव्हा तशीच भांडी बनवणारा संपूर्ण युरोपातला पहिला कारखाना याच ऑगस्टच्या मालकीचा होता. तो उभा राहिला होता एका कैद्याच्या डोक्यावर. त्या कैद्याला पकडलं होतं सोनं बनवण्यासाठी आणि त्याने बनवलं पोर्सिलेन.

त्या कारखान्याचं नाव माइसेन. काचेच्या कपाटातली नाजूक बाहुली, फुलांची नक्षी असलेला टी-सेट, हॉटेलातली पांढरी शुभ्र प्लेट, या सगळ्यांचं युरोपातलं मूळ शोधत गेलं की माइसेनपाशीच पोहोचायला होतं.

एवढं काय होतं त्या भांड्यांत?

भाजलेली माती तीन पायऱ्यांवर समजून घेता येते. पहिली पायरी म्हणजे आपला माठ. कमी तापमानाला भाजलेला, सच्छिद्र, म्हणून पाणी झिरपतं आणि थंड राहतं. दुसरी पायरी म्हणजे लोणच्याची बरणी. जास्त तापवलेली, घट्ट, जड. पाणी शोषत नाही, पण उजेडासमोर धरली तर आरपार काही दिसत नाही.

तिसरी पायरी म्हणजे पोर्सिलेन. पांढरं, पातळ, कडक. उजेडासमोर धरलं तर मागच्या बोटांची सावली दिसते आणि टिचकी मारली तर घंटेसारखा आवाज येतो.

चीनमध्ये हे कौशल्य हजार वर्षांहून जुनं होतं. युरोपाला मात्र ते जमत नव्हतं. तिथल्या लोकांना हा पदार्थ नेमका काय आहे हेच कळेना. माती म्हणावी तर काचेसारखा, काच म्हणावी तर मातीसारखा. 'पोर्सिलेन' हे नावसुद्धा इटालियन भाषेतल्या कवडीच्या नावावरून आलं. भांड्याची चकाकी कवडीच्या पाठीसारखी दिसायची म्हणून.

सोळाव्या शतकात पोर्तुगीजांची जहाजं ही भांडी गोव्यामार्गे लिस्बनला न्यायला लागली. सतराव्या शतकात डच ईस्ट इंडिया कंपनीने ती लाखोंनी आणली. त्याच काळात युरोपाला चहा, कॉफी आणि गरम चॉकलेटची चटक लागली. चांदीच्या पेल्यात उकळता चहा घेतला तर बोटं भाजतात. साध्या मातीच्या भांड्याची झिलई उडते. पोर्सिलेनचा कप मात्र गरम सोसतो, वास धरत नाही आणि दिसतोही देखणा.

साहजिकच पैसा चीनकडे वाहायला लागला. पोर्सिलेनला लोक 'पांढरं सोनं' म्हणायला लागले. फ्लॉरेन्सच्या मेडिची घराण्याने सोळाव्या शतकात पांढरी माती आणि काचेची भुकटी मिसळून नक्कल करून पाहिली. वस्तू सुंदर झाल्या, पण खरं पोर्सिलेन झालं नाही. अशा नकलेला 'सॉफ्ट पेस्ट' म्हणजे मऊ पोर्सिलेन म्हणतात. चिनी कारागिरांकडचं अस्सल, कडक पोर्सिलेन म्हणजे 'हार्ड पेस्ट'. युरोपाला हवं होतं ते हे.

१९ वर्षांचं पोरगं आणि दोन राजे

योहान फ्रीडरिश ब्योटगर. जन्म १६८२. बर्लिनमध्ये एका औषधवाल्याकडे शिकाऊ म्हणून कामाला होता. औषधं कुटता कुटता त्याला किमयेचा नाद लागला. साध्या धातूचं सोनं करता येतं यावर त्या काळात भल्या भल्या विद्वानांचा विश्वास होता. १७०१ मध्ये या पोराने लोकांसमोर नाण्यांचं सोनं करून दाखवण्याचा प्रयोग केला. अर्थात ती हातचलाखी होती.

पण बातमी पसरली आणि थेट प्रशियाच्या राजाच्या कानावर गेली. राजाचं बोलावणं म्हणजे काय होणार हे ब्योटगरला कळत होतं. सोनं झालं नाही तर फास. त्याने बर्लिन सोडलं आणि सीमा ओलांडून सॅक्सनीतल्या विटेनबर्गला पोहोचला.

आगीतून फुफाट्यात. ऑगस्टलाही पैशाची तेवढीच गरज होती. पोलंडचं राज्य मिळवायला त्याने पाण्यासारखा पैसा ओतला होता. राजवाडे आणि दागिने यांचा खर्च वेगळा, त्यात स्वीडनशी युद्ध. सोनं बनवणारा माणूस स्वतःहून आपल्या हद्दीत आलाय म्हटल्यावर त्याने ब्योटगरला प्रशियाच्या हवाली केलंच नाही. पहाऱ्यात ड्रेस्डेनला आणलं आणि प्रयोगशाळेत कोंडलं.

ब्योटगरला खायला-प्यायला उत्तम मिळायचं, पण बाहेर पडायची मुभा नव्हती. १७०३ मध्ये तो पळाला, ऑस्ट्रियापर्यंत पोहोचलासुद्धा. तिथून त्याला पकडून परत आणलं. वर्षं जात होती, राजाचा पैसा जळत होता आणि सोन्याचा कण दिसत नव्हता.

चिर्नहाउस नावाचा माणूस

इथे गोष्टीत दुसरा माणूस येतो. एरेनफ्रीड वाल्टर फॉन चिर्नहाउस. गणितज्ञ आणि शास्त्रज्ञ. त्याने प्रचंड मोठी भिंगं आणि आरसे बनवले होते. सूर्यकिरण एका बिंदूवर आणून तो अशा वस्तू वितळवायचा, ज्या त्या काळच्या भट्टीत वितळत नव्हत्या. सॅक्सनीत कोणते दगड, कोणत्या माती आहेत, कोणती किती तापाला टिकते याचा त्याने पद्धतशीर अभ्यास चालवला होता. पोर्सिलेनचं कोडं त्याच्या डोक्यात आधीपासून होतं.

ब्योटगरवर देखरेख ठेवायचं काम त्याच्याकडे आलं. हा पोरगा सोनं बनवणार नाही, पण भट्टी आणि रसायनं यातलं त्याला कळतं, हे चिर्नहाउसने ओळखलं आणि त्याला मातीच्या कामाला लावलं. जोडीला फ्रायबर्गच्या खाणीतले अनुभवी कामगार दिले. धातू वितळवणारी ही माणसं. प्रचंड ताप कसा निर्माण करायचा आणि तासन् तास कसा टिकवायचा हे त्यांना ठाऊक होतं.

१७०६ मध्ये स्वीडनचं सैन्य सॅक्सनीत घुसलं. राजाने ब्योटगरला हलवून कोनिगश्टाइनच्या डोंगरी किल्ल्यात ठेवलं. परत आणल्यावर ड्रेस्डेनच्या तटबंदीतल्या तळघरात भट्ट्या पुन्हा पेटल्या.

पहिलं यश लाल मातीत मिळालं. भट्टीतून एवढी कडक वस्तू निघाली की तिला रत्नासारखे पैलू पाडता यायचे आणि घासून चमकवता यायचं. पण ती झाली दुसरी पायरी, म्हणजे आपल्या बरणीची श्रीमंत बहीण. हवं होतं पांढरं.

१५ जानेवारी १७०८

या तारखेचा एक कागद आजही आहे. त्यावर सात मिश्रणं लिहिलीत. पहिल्यात नुसती पांढरी माती, बाकी सहांत माती आणि अलॅबास्टर नावाचा मऊ दगड, वेगवेगळ्या प्रमाणात. अलॅबास्टर मातीला वितळायला मदत करतो. पाच तासांच्या भट्टीनंतर काही तुकडे ढासळले, काही काळवंडले. शेवटच्या तीन मिश्रणांपुढे मात्र लॅटिनमध्ये शेरा आहे: पांढरं आणि पारदर्शक.

अलॅबास्टरचं प्रमाण कमी आणि मातीचं जास्त, तिथे हे घडलं. इतकी वर्षं युरोप काच मिसळत होता. उत्तर होतं योग्य माती, योग्य दगड आणि भयंकर ताप.

झिलई अजून जमायची होती. तेवढ्यात ऑक्टोबर १७०८ मध्ये चिर्नहाउस वारला. मार्च १७०९ मध्ये ब्योटगरने राजाला कळवलं, चिनी पोर्सिलेनच्या तोडीचं पांढरं पोर्सिलेन आपण झिलईसकट बनवू शकतो. २३ जानेवारी १७१० रोजी ऑगस्टने कारखान्याची जाहीर घोषणा केली.

मातीचं पोर्सिलेन होतं कसं?

कडक पोर्सिलेनला तीन गोष्टी लागतात. केओलिन नावाची शुद्ध पांढरी माती, फेल्डस्पार नावाचं खनिज आणि क्वार्ट्झ म्हणजे गारगोटी. केओलिन हे नाव चीनमधल्या गाओलिंग या जागेवरून आलंय.

तिघांची कामं वाटून दिलेली असतात. केओलिनमुळे मातीला आकार देता येतो आणि ती भट्टीत उभी राहते. फेल्डस्पार वितळून काचेसारखा होतो आणि कणांमधल्या सगळ्या फटी भरतो. क्वार्ट्झ बळकटी देतो. फटी भरल्या म्हणून पाणी झिरपत नाही आणि प्रकाश आरपार जातो. माइसेनमध्ये अलॅबास्टरची जागा फेल्डस्पारने पुढे घेतली.

साच्यात किंवा चाकावर घडवलेली वस्तू आधी वाळवतात, मग साधारण ९०० ते १००० अंशांवर एकदा भाजतात. ती सच्छिद्र असतानाच पातळ झिलईत बुडवतात आणि मग सुमारे १४०० अंशांवर दुसऱ्यांदा भाजतात. या तापात लोखंड मऊ पडतं. अंगाची माती आणि झिलई एकजीव होतात, म्हणून पापुद्रा निघत नाही.

गंमत म्हणजे या सगळ्यात वस्तू साधारण एक षष्ठांश आक्रसते. शिल्पकाराला मूळ आकार तेवढा मोठा घडवावा लागतो. बाहुलीचा हात जरा जाड, जरा वाकडा झाला तर भट्टीत तडा गेलाच समजा.

निळा कोबाल्ट रंग एवढा ताप सोसतो, म्हणून तो झिलईच्या खाली देता येतो. बाकीचे बरेचसे रंग आणि सोनं झिलईवर चढवून कमी तापात पुन्हा भाजावं लागतं. म्हणजे रंगीत फुलांचा एक कप किमान तीनदा भट्टीत जाऊन येतो.

किल्ल्यात कारखाना, तरी गुपित फुटलं

६ जून १७१० पासून काम सुरू झालं माइसेन गावात, एल्बे नदीकाठच्या टेकडीवर, आल्ब्रेख्ट्सबुर्ग नावाच्या जुन्या किल्ल्यात. जागा निवडायचं कारण सरळ होतं. आत-बाहेर करणाऱ्यांवर नजर ठेवायला किल्ल्यासारखी जागा नाही.

पोर्सिलेनच्या कृतीला 'आर्कानम' म्हणजे गुपित असाच शब्द होता. मिश्रणाची कृती एकाला, झिलईची दुसऱ्याला, अशी वाटणी केली होती. पूर्ण कृती एकाच माणसाकडे राहू नये हा हेतू. एर्झगेबिर्ग डोंगरातल्या आउए इथली उत्तम पांढरी माती राज्याबाहेर न्यायला पुढे बंदी आली.

आणि तरीही दहा वर्षांत गुपित व्हिएन्नाला पोहोचलं.

तिथे ड्यू पाकिए नावाच्या अधिकाऱ्याने १७१८ मध्ये कारखाना काढला होता. त्याने आधी माइसेनचा रंगकाम करणारा हुंगर फोडला. तेवढ्याने भागलं नाही, म्हणून १७१९ मध्ये भट्टी सांभाळणारा श्टोल्त्सेल फोडला. मग व्हिएन्नातही पोर्सिलेन झालं. पण ठरलेले पैसे मिळेनात. १७२० मध्ये श्टोल्त्सेल माइसेनला परत आला. जाताना त्याने तिथले साचे आणि माती खराब केली, असं सांगतात. हुंगर पुढे व्हेनिसला गेला आणि तिथेही पोर्सिलेन सुरू झालं.

लोक का फुटले याचं उत्तर फार अवघड नाही. माइसेनच्या कामगारांचे पगार थकायचे. राजा पोर्सिलेनवर उधळत होता आणि ते बनवणारे उपाशी होते. पहारा ठेवून पाय बांधता येतात, डोक्यातली माहिती नाही.

दुसऱ्या बाजूने चीनमधलं मूळ गुपितही उघडं पडत होतं. फ्रेंच धर्मगुरू द'आंत्रकोल यांनी १७१२ मध्ये चीनच्या जिंगदेझेन या पोर्सिलेनच्या शहरातून सविस्तर पत्र लिहून तिथली पद्धत मायदेशी कळवली. १७६८ मध्ये फ्रान्सला लिमोजजवळ स्वतःचं केओलिन सापडलं. माइसेनची मक्तेदारी संपली.

मग माइसेन टिकलं कसं?

श्टोल्त्सेल परत येताना एकटा आला नव्हता. सोबत व्हिएन्नाचा एक तरुण चित्रकार घेऊन आला होता, योहान ग्रेगोरियस ह्योरोल्ट. माइसेनकडे पांढरी भांडी होती, पण धड रंग नव्हते. ह्योरोल्टने भट्टीत टिकणारे झळझळीत रंग तयार केले आणि स्वप्नातल्या चीनची चित्रं कपांवर उतरवली. त्याने चीन कधी पाहिला नव्हता. ज्यांनी विकत घेतले त्यांनीही नाही.

१७३१ मध्ये शिल्पकार योहान योआखिम केंडलर आला. तोवर मेजवानीच्या टेबलावर साखरेचे पुतळे मांडायची पद्धत होती. केंडलरने ते पोर्सिलेनमध्ये आणले. विदूषक, मेंढपाळ, वाद्यं वाजवणारी माकडं. आज कपाटात ठेवतात त्या पोर्सिलेनच्या बाहुल्यांची परंपरा इथून सुरू होते. सॅक्सनीचा मंत्री ब्र्यूल याच्यासाठी त्याने आणि सहकाऱ्यांनी घडवलेला 'हंस सेट' २२०० हून जास्त नगांचा होता.

ऑगस्टला तर राजवाडाभर पोर्सिलेनचे मोठाले प्राणी हवे होते. केंडलरच्या आधीचा शिल्पकार किर्शनर याने त्यात एक गेंडा केला. या गेंड्याचा धागा थेट गोव्याला जोडलेला आहे. गुजरातच्या सुलतानाने भेट दिलेला एक गेंडा अल्बुकर्कने १५१५ मध्ये गोव्याहून पोर्तुगालला पाठवला होता. चित्रकार ड्यूररने तो न बघताच, ऐकीव वर्णनावरून आणि एका रेखाटनावरून त्याचं चित्र केलं. अंगावर चिलखत आणि पाठीवर एक जादा शिंग. दोनशे वर्षांनी माइसेनचा गेंडा त्याच चित्रावरून घडला, त्या जादा शिंगासकट.

आणि माइसेनची सगळ्यात गाजलेली निळी नक्षी म्हणजे 'ब्लू अनियन', निळा कांदा. त्यात कांदा नाहीच. चिनी नक्षीतली डाळिंबं आणि पीच ही फळं लोकांना ओळखता आली नाहीत आणि नाव कांदा पडलं.

थोडक्यात, कृती सगळ्यांकडे गेली. हात मात्र माइसेनकडे राहिले.

श्रेय कोणाचं?

हा वाद जर्मनीत अजून रंगतो. एक बाजू म्हणते चिर्नहाउस, कारण दिशा त्याची, अभ्यास त्याचा. दुसरी म्हणते ब्योटगर, कारण प्रयोग तडीस त्याने नेले आणि कारखाना त्याने उभा केला. मधल्या मध्ये फ्रायबर्गच्या खाणकामगारांचं नाव फारसं कोणी घेत नाही. त्यांच्याशिवाय भट्टी त्या तापाला पोहोचलीच नसती.

ब्योटगरला स्वातंत्र्य मिळालं १७१४ मध्ये. तोवर दारू, भट्टीचा धूर आणि रसायनं यांनी तब्येत पोखरली होती. १३ मार्च १७१९ रोजी तो गेला, वयाच्या ३७ व्या वर्षी, डोक्यावर कर्ज ठेवून. ज्या माणसाने राजाला पांढरं सोनं दिलं, त्याने आयुष्यातली १२-१३ वर्षं पहाऱ्यात काढली.

ज्या प्रशियाला ऑगस्टने ६०० सैनिक दिले होते, त्याच प्रशियाने १७५६ मध्ये सॅक्सनीवर ताबा मिळवला आणि माइसेनचा कारखानाही हातात घेतला.

तुमच्या घरातल्या कपाचं काय?

आपल्याकडे 'चिनी मातीचं' म्हणून जे विकलं जातं ते सगळं पोर्सिलेन नसतं. बोन चायना हा तर वेगळाच प्रकार. तो अठराव्या शतकाच्या शेवटी इंग्लंडमध्ये रुळला आणि त्यात खरोखर जनावरांच्या हाडांची राख असते. माइसेनसारख्या कडक पोर्सिलेनमध्ये हाडांची राख नसते. ओळखायची एक ढोबळ खूण म्हणजे रंग. बोन चायना दुधाळ, किंचित पिवळसर झाक असलेला दिसतो. कडक पोर्सिलेन थंड, निळसर पांढरं.

जुन्या बाजारात किंवा ऑनलाइन एखाद्या वस्तूखाली दोन निळ्या तलवारींची फुली दिसली तर लगेच उडी मारू नका. ही सॅक्सनीच्या राजचिन्हातली खूण माइसेनने १७२० च्या दशकात घेतली. जगातल्या सर्वात जुन्या ट्रेडमार्कमध्ये ती मोजली जाते आणि तेवढीच नक्कलही होते. एकोणिसाव्या शतकात तर अनेक कारखान्यांनी ती बिनधास्त वापरली. खूण अस्सल असली आणि तिच्यावरून आडवे ओरखडे काढलेले असले, तर तो माल कारखान्यानेच दुय्यम ठरवून विकलेला असतो. त्यामुळे खुणेआधी काम बघायचं. बोटं, पापण्या, पाकळ्यांच्या कडा किती नेटक्या आहेत, ते बघायचं.

कारखाना एकोणिसाव्या शतकात किल्ल्यातून गावातल्या नव्या इमारतीत आला. दोन महायुद्धं, सोव्हिएत ताबा आणि पूर्व जर्मनीचा काळ यांतून तो तरला. १९९१ पासून तो सॅक्सनी राज्य सरकारच्या मालकीचा आहे. माती अजूनही जवळच्या सायलिट्झ गावातल्या स्वतःच्या छोट्या खाणीतून येते आणि फुलं अजूनही हाताने रंगवतात.